कौमार्य : कसोटी कोणाची ?

— एक विद्यार्थिनी, द्वितीय वर्ष कला

काही शब्द असे असतात की घरात ते कोणी उच्चारीत नाही, आणि तरीही त्यांचा धाक घरातल्या प्रत्येक मुलीला असतो. ‘कौमार्य’ हा त्यांतला एक. माझ्या आईला अक्षरओळख नाही. तिच्या तोंडून हा शब्द मी कधी ऐकलेला नाही. ‘वेळेवर घरी ये’, ‘नाव राख’, ‘लोक काय बोलतील’ एवढेच ती म्हणते. खुद्द शब्द मला भेटला तो वर्तमानपत्रात, मग सिनेमात आणि सर्वांत शेवटी ग्रंथालयातल्या पुस्तकांत. ज्या गोष्टीबद्दल घरात बोलायचे नाही, तिच्याबद्दलचे आपले सारे ज्ञान मग छापील कागद आणि पडदा यांच्याकडूनच यायचे. ते ज्ञान खरे किती, खोटे किती आणि त्याचा भार कोणाच्या डोक्यावर पडतो, हे पाहण्याचा प्रयत्न या लेखात केला आहे. विषय अवघड आहे. वार्षिक अंकाला तो शोभेल का, अशी शंका काही प्राध्यापकांनी काढली, काहींनी उत्तेजन दिले. दोघांचीही मी आभारी आहे.

आधी शब्दाकडेच पाहू. ‘कुमार’पासून ‘कौमार्य’. म्हणजे मुळात ही एक वयाची अवस्था, मुलाची आणि मुलीची दोघांचीही. व्यवहारात मात्र कौमार्य उरले ते मुलीचेच. पुरुषासाठी आपल्याकडे ‘ब्रह्मचर्य’ हा वेगळा शब्द आहे, आणि तो साधनेचा आहे. ते पाळले तर थोरपण मिळते, सोडले तर गृहस्थाश्रम मिळतो. दोन्हीकडून लाभच. मुलीचे कौमार्य पाळल्याबद्दल तिला काही मिळत नाही, गेले तर मात्र सर्वस्व गेले असे धरतात. लग्नपत्रिका पाहा. मुलगा ‘चि.’ असतो. मुलगी कालपर्यंत ‘कु.’ असते, पत्रिकेवर ‘चि. सौ. कां.’ होते आणि दुसऱ्या दिवसापासून ‘सौ.’ होते. तिची अवस्था नावाआधी लिहून जाहीर करावी लागते, त्याची लागत नाही. फार लांब जायला नको. महाविद्यालयांच्या कोणत्याही जुन्या वार्षिक अंकाची अनुक्रमणिका उघडावी. मुलींच्या नावामागे ‘कु.’ छापलेले सापडेल, मुलांच्या नावामागे मोकळी जागा.

वर्तमानपत्रांची भाषा याहून बोलकी आहे. ‘अब्रू लुटली’, ‘शीलभंग केला’, ‘इज्जतीवर घाला’ हे शब्द आपण इतके वाचले आहेत की त्यांतली गंमत (गंमत तरी कसली म्हणावी !) आता लक्षातही येत नाही. घरफोडी झाली तर घरमालकाला कोणी कलंकित म्हणत नाही. येथे मात्र लुटणारा एक आणि बेअब्रू झालेली दुसरीच. कायद्याच्या मराठीतला ‘विनयभंग’ हा शब्दही तसाच. अविनय करतो पुरुष, आणि भंगतो तो विनय बाईचा ! ‘बाईची अब्रू म्हणजे काचेचे भांडे’ ही म्हण आपल्याकडे मोठी माणसे समजुतीने सांगतात. भांडे काचेचे का केले आणि ते रस्त्यात का ठेवले, हे विचारण्याची सोय नाही.

ही रीत आजची नव्हे. आपल्या डहाणू रोड स्थानकावर गुजरातकडे जाणाऱ्या गाडीत बसले की काही तासांत सुरत येते. त्या सुरतेत १८८१ साली विजयालक्ष्मी नावाच्या एका तरुण ब्राह्मण विधवेवर खटला झाला. लोकापवादाच्या भीतीने तिने आपले नवजात मूल मारले, असा आरोप होता. तिला फाशीची शिक्षा झाली आणि पुढे अपिलात ती कमी झाली. या निमित्ताने ‘पुणेवैभव’ या पत्राने एकजात सर्व स्त्रियांच्या नीतीवर कोरडे ओढले. तेव्हा बुलढाण्याच्या ताराबाई शिंदे यांनी लेखणी उचलली आणि १८८२ मध्ये ‘स्त्री-पुरुष तुलना’ हे छोटेसे पुस्तक प्रसिद्ध झाले. जे दुर्गुण तुम्ही बायकांच्या माथी मारता ते पुरुषांत नाहीत काय, हा त्यांचा रोकडा सवाल होता. त्याच्या कितीतरी आधी, १८६३ साली, जोतीराव आणि सावित्रीबाई फुले यांनी पुण्यात बालहत्या प्रतिबंधक गृह काढले होते. अशा अडलेल्या विधवांनी गुपचूप यावे, बाळंत व्हावे, मूल ठेवून जायचे तर ठेवून जावे, अशी सोय. एका बाजूला वर्तमानपत्राचा अग्रलेख आणि दुसऱ्या बाजूला एक उघडे दार. दोघांपैकी जीव कोणी वाचवले, हे सांगायला नको.

आज रविवारच्या पुरवणीतल्या वधूवर जाहिराती वाचाव्यात. ‘घटस्फोटित’ या शब्दाशेजारी कंसात ‘निर्दोष’ असे छापलेले असते. नवख्या वाचकाला वाटेल, न्यायालयाने हिचा दोष नाही असे म्हटले असावे. तसे नाही. लग्न झाले, पण शरीरसंबंध आला नाही, असा त्याचा अर्थ. कोणी ‘नाममात्र विवाह’ असे लिहितात. म्हणजे ज्या बाईने रीतसर लग्न केले, सर्वांच्या अक्षता घेतल्या, संसार केला आणि मग कायद्याने वेगळी झाली, ती आपोआप सदोष ठरली. एका शब्दाच्या जाहिरातीत केवढा निवाडा !

सिनेमाकडे वळू. ‘आराधना’ (१९६९) आपल्या आईवडिलांच्या पिढीने पाहिला आणि आपण मोबाईलवर पाहिला. पावसाची रात्र, शेकोटी, नायक-नायिका. पण नीट आठवले तर त्या रात्रीच्या आधी दोघे देवळात जाऊन लग्न करतात. साक्षीदार नाही, नातलग नाहीत. हे देवळातले लग्न कथेला हवे होते त्यापेक्षा प्रेक्षकाला अधिक हवे होते, असे माझे मत आहे. नायिकेबद्दल पुढे दोन तास सहानुभूती वाटायची तर तिच्या गळ्यात आधी हार पडलाच पाहिजे. राज कपूर यांच्या ‘राम तेरी गंगा मैली’ (१९८५) मध्येही हीच खबरदारी घेतली आहे : आधी लग्न, मग रात्र, मग बाईचे हाल. बाईने सोसायचे ते सोसावे, फक्त प्रेक्षकाने तिला ‘तसली’ म्हणू नये याची तजवीज दिग्दर्शक करतो. अशी तजवीज नायकासाठी केलेली मी पाहिलेली नाही. खलनायकाच्या तावडीत सापडलेल्या बहिणीने तर जुन्या हिंदी चित्रपटांत दुसऱ्या दृश्यात विहीर जवळ करायची, हे ठरलेलेच.

आपल्या मराठी रंगभूमीने मात्र हा प्रश्न फार पूर्वी उघडा करून ठेवला. विजय तेंडुलकरांचे ‘शांतता ! कोर्ट चालू आहे’ १९६७ साली रंगभूमीवर आले. अरविंद देशपांडे यांचे दिग्दर्शन होते आणि बेणारेची भूमिका सुलभा देशपांडे यांनी केली. हौशी नटांची एक मंडळी एका गावी प्रयोगासाठी जाते, वेळ काढायला म्हणून खोटा खटला उभा करते आणि आरोपी करते लीला बेणारे या अविवाहित शिक्षिकेला. गंमत म्हणून सुरू झालेला खटला हळूहळू खरा होतो. ती गरोदर आहे हे सर्वांना ठाऊक असते. काशीकर, सुखात्मे, पोंक्षे, एकेक जण तिच्यावर तुटून पडतो. नाटक वाचताना मला सर्वांत खटकली ती प्रोफेसर दामले यांची खुर्ची. ज्यांच्यापासून तिला दिवस गेले ते दामले त्या दिवशी आलेलेच नाहीत. संपूर्ण खटला त्यांच्या गैरहजेरीत चालतो, आणि त्यांना बोलवावे असे फारसे कोणाला वाटतही नाही. तेंडुलकरांनी दामल्यांना रंगमंचावर आणले असते तर नाटकाचा निम्मा दंश गेला असता.

जवळजवळ पन्नास वर्षांनी, २०१६ मध्ये, ‘पिंक’ हा हिंदी चित्रपट आला. त्यातही न्यायालय आहे. येथे वकील स्वतःच्याच अशिलाला, मीनलला, भर कोर्टात विचारतो की तू कुमारिका आहेस का. ती ‘नाही’ म्हणते. पहिला संबंध कोणत्या वयात, तर एकोणिसाव्या, स्वखुशीने. मी आज त्याच वयाची आहे, म्हणून ते दृश्य मनात राहिले. मला महत्त्वाची वाटली ती ही गोष्ट की त्या उत्तराने खटला संपत नाही. ती कुमारिका नाही हे ऐकूनही ‘नाही म्हणजे नाही’ हा तिचा हक्क शाबूत राहतो. बेणारेच्या कोर्टात हा हक्क कोणी मान्य केला नव्हता. तरीही एक तक्रार राहते. मीनलला वाचवायला एक वृद्ध, नामांकित, भारदस्त आवाजाचा पुरुष वकील लागला. तिचे म्हणणे तिच्याच आवाजात लोकांना पटले असते की नाही, हे चित्रपटाने पडताळून पाहिले नाही.

पण हे सारे लिहिलेले खटले. खऱ्या न्यायालयात काय झाले ? महाराष्ट्रातलेच उदाहरण घेऊ. १९७२ साली त्या वेळच्या चंद्रपूर जिल्ह्यात, देसाईगंजच्या पोलीस ठाण्यात, एका अल्पवयीन आदिवासी मुलीवर दोन पोलिसांनी अत्याचार केल्याचा खटला उभा राहिला. (तिचे नाव कायद्याच्या पुस्तकांतून सर्रास छापतात. मला ते लिहावेसे वाटत नाही. पोलिसाच्या नावाने प्रकरण ओळखता येते : तुकाराम विरुद्ध महाराष्ट्र राज्य.) वैद्यकीय तपासणीत तिचे योनिपटल पूर्वीच फाटलेले असल्याचे नोंदले गेले. त्यावरून १९७४ मध्ये सत्र न्यायालयाने तिला ‘संबंधांची सवय असलेली’ ठरवले आणि आरोपी सुटले. १९७६ मध्ये नागपूर खंडपीठाने त्यांना दोषी धरले. १९७८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने पुन्हा सोडून दिले. कारण काय, तर अंगावर जखमा नाहीत, म्हणजे विरोध केला नसावा. उपेंद्र बक्षी, रघुनाथ केळकर, लतिका सरकार आणि वसुधा धागमवार या कायद्याच्या चार अध्यापकांनी १९७९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाला उघड पत्र लिहिले, स्त्रिया रस्त्यावर उतरल्या आणि १९८३ मध्ये कायदा बदलला. एका आदिवासी मुलीच्या शरीरावरील जुन्या खुणेला न्यायालयाने तिच्या चारित्र्याचा दाखला मानले, आणि त्या दाखल्याविरुद्ध उठलेल्या आवाजाने देशाचा कायदा बदलला. हा इतिहास आमच्या भागातल्या मुलींना कोणत्याही इयत्तेत शिकवीत नाहीत.

आता प्रश्न असा की ही खूण तरी खरी आहे काय ? सिनेमातली पांढरी चादर आणि वैद्यकशास्त्र यांची येथे पूर्ण फारकत होते. योनिपटल म्हणजे योनिमुखाशी असलेली एक लवचीक त्वचेची कड. ती दार बंद करणारा पडदा नव्हे. तशी असती तर मासिक पाळीचे रक्त बाहेर आले नसते. प्रत्येकीत तिचा आकार वेगळा, जाडी वेगळी. काहींत ती जन्मतःच नावापुरती असते. पहिल्या संबंधाच्या वेळी काहींना रक्तस्राव होतो, पुष्कळ जणींना होत नाही. संबंध येऊनही ती जशीच्या तशी राहू शकते, आणि संबंध नसतानाही दुखापतीने फाटू शकते. सारांश, ती पाहून कोणाही डॉक्टरला मुलीचा पूर्वेतिहास सांगता येत नाही. जागतिक आरोग्य संघटनेने संयुक्त राष्ट्रांच्या अन्य संस्थांसह ऑक्टोबर २०१८ मध्ये हेच जाहीर केले : कौमार्य चाचणीला शास्त्रीय आधार नाही, ती मानवी हक्कांचे उल्लंघन आहे आणि ती बंद व्हावी.

आणि तरीही आपल्याकडे डॉक्टरांच्या पाठ्यपुस्तकांत ‘कुमारिकेची लक्षणे’ शिकवली जात होती ! त्याविरुद्ध सेवाग्रामच्या महात्मा गांधी आयुर्विज्ञान संस्थेतील न्यायवैद्यकशास्त्राचे डॉ. इंद्रजित खांडेकर यांनी पाठपुरावा केला आणि २०१९ मध्ये नाशिकच्या महाराष्ट्र आरोग्य विज्ञान विद्यापीठाने तो भाग अभ्यासक्रमातून वगळला. राष्ट्रीय वैद्यक आयोगाच्या २०२४ च्या अभ्यासक्रमात असले विषय पुन्हा डोकावले. ओरड झाल्यावर सप्टेंबरमध्ये आयोगाला तो अभ्यासक्रम मागे घ्यावा लागला. न्यायालयांची वाटचालही अशीच सावकाश. बलात्काराच्या तपासणीतली कुप्रसिद्ध दोन बोटांची चाचणी पीडितेच्या खाजगीपणावर आणि प्रतिष्ठेवर आघात करते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये म्हटले. ३१ ऑक्टोबर २०२२ रोजी त्याच न्यायालयाला पुन्हा सांगावे लागले की ही चाचणी करणारा गैरवर्तनाचा दोषी धरला जाईल. २०२३ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने केरळातील एका धर्मभगिनीच्या प्रकरणात निर्णय दिला की आरोपी स्त्रीचीही कौमार्य चाचणी करणे घटनेच्या २१व्या कलमाविरुद्ध आहे. दहा वर्षांत तीनदा सांगावे लागते, याचा अर्थ मधल्या काळात चाचण्या चालूच होत्या.

चाचणी म्हटली की महाराष्ट्रातल्या वाचकाला कंजारभाट समाज आठवतो. लग्नाच्या रात्री वधूवरांना पांढऱ्या चादरीसह खोलीत पाठवायचे आणि नंतर पंचांपुढे वराने ‘माल खरा’ की ‘खोटा’ ते सांगायचे, अशी प्रथा. माल ! या समाजातल्याच तरुणांनी तिच्याविरुद्ध २०१७-१८ मध्ये ‘स्टॉप द व्ही रिच्युअल’ ही मोहीम उघडली. विवेक तमायचीकर हा तरुण तेव्हा मुंबईच्या टाटा सामाजिक विज्ञान संस्थेत शिकत होता. जानेवारी २०१८ मध्ये पिंपरीत एका लग्नात या मोहिमेतल्या मुलांना मारहाण झाली. विवेक आणि ऐश्वर्या यांनी त्याच वर्षी ही चाचणी नाकारून लग्न केले. पुढे नवरात्रात ऐश्वर्याला दांडियातून बाहेर काढण्याचा प्रकार घडला. अंधश्रद्धा निर्मूलन समितीच्या जातपंचायत मूठमाती अभियानाने साथ दिली, आणि फेब्रुवारी २०१९ मध्ये तेव्हाचे गृहराज्यमंत्री रणजित पाटील यांनी अशी चाचणी हा लैंगिक अत्याचाराचा गुन्हा धरला जाईल असे जाहीर केले. सामाजिक बहिष्काराविरुद्धचा २०१६ चा कायदा होताच. त्यात तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक लाखापर्यंत दंड आहे.

हे मी आजीला समजावून सांगितले. तिने सगळे शांतपणे ऐकून घेतले आणि विचारले, “ना पोऱ्याचा काय बघतात ?” पंचांच्या बैठकीत हा प्रश्न कोणी विचारला असेल असे वाटत नाही.

या बातम्या वाचताना एक गोष्ट मात्र मनाला लागते. त्या लिहिण्याचा सूर असा असतो, की ही कोण्या एका भटक्या-विमुक्त जमातीची रानटी चाल आहे आणि बाकी आपण सारे सुधारलेले. पण ‘निर्दोष घटस्फोटित’ ही जाहिरात त्या जमातीची नाही. २०१२ मध्ये ‘१८ अगेन’ नावाचे, बाईला पुन्हा कुमारिकेसारखे वाटायला लावणारे मलम दूरदर्शन संचावर गाणे म्हणत विकायला आले, ते शहरी ग्राहकासाठी. योनिपटल शिवून देणाऱ्या शस्त्रक्रियेच्या जाहिराती मोठ्या शहरांतले दवाखाने करतात, आणि तिचा खर्च आमच्या पाड्यावरच्या कोणाला झेपणार नाही. चादर एकच, कोणी ती पंचांपुढे पसरतो तर कोणी शस्त्रक्रियेच्या टेबलावर, एवढाच फरक.

आता आपल्या मुलुखाबद्दल. डहाणू-तलासरीच्या इतिहासात या प्रश्नाचे एक पान आहे, आणि त्यावाचून हा विषय पुरा होत नाही. गोदावरी परुळेकर यांचे ‘जेव्हा माणूस जागा होतो’ (१९७०) आपल्यापैकी अनेकांनी वाचले असेल. त्यात ‘लग्नगडी’ भेटतो. वारल्याने लग्नासाठी सावकाराकडून थोडे पैसे उचलायचे आणि त्या बदल्यात नवराबायकोने आयुष्यभर त्याच्याकडे राबायचे. अशा गड्याच्या बायकोवर आपला हक्कच आहे, असे जमीनदार आणि त्यांचे कारभारी समजत. हे केवळ चळवळीचे म्हणणे नव्हे. सरकारी अधिकारी डी. सायमिंग्टन यांच्या १९३९ च्या अहवालातही कुळांच्या बायकामुलींवर होणाऱ्या या जबरदस्तीची नोंद आहे. २३ मे १९४५ रोजी झरी येथे हजारो वारली जमले आणि वेठ करणार नाही असे ठरले. तेव्हा वेठीबरोबर हे जुलूमही मोडायचे होते.

विचार करा. ज्या वाड्यांत स्वतःच्या मुलीची सावली अंगणाबाहेर पडू देत नसत, त्याच वाड्यांत वारलिणीला मात्र कौमार्य, शील, अब्रू असे काही असते हे मान्य नव्हते. शरीर तर दोघींचे सारखेच. तेव्हा कौमार्य ही जर शरीराची खूण असती तर दोघींपाशी असायला हवी होती. माझी समजूत अशी आहे की तो वरून मारलेला शिक्का आहे. ज्यांना जमीन, वारस आणि जात राखायची होती त्यांनी आपल्या मुलींवर तो मारला. ज्यांच्याकडे राखण्यासारखे काही ठेवलेच नव्हते त्यांच्या बायकांना तो नाकारला. देसाईगंजच्या मुलीच्या वाट्यालाही तेच आले.

आमच्या लोकांची स्वतःची रीत यापेक्षा निराळी होती. वारली समाजात लग्नाचा खर्च जमेपर्यंत जोडप्याने एकत्र राहायचे, पोरेबाळे व्हायची आणि मग सवडीने धवलेरीला बोलावून, चौक लिहून लग्न लावायचे, असे पुष्कळ ठिकाणी चालत आले आहे. कधी आईबाप आणि मुलगा यांची लग्ने एकाच मांडवात लागतात. धवलेरी ही लग्न लावणारी बाई. ती गाण्यातून देवांना बोलावते, भिंतीवरच्या चौकात पालघाट देवीला बसवते, पण वधूचा पूर्वेतिहास विचारत नाही. सारेच आमच्याकडे सोन्यासारखे आहे असा माझा दावा नाही. नवऱ्याची मारहाण आहे, दारू आहे, भुताळीचा आळ आहे. डॉ. जब्बार पटेल यांच्या ‘जैत रे जैत’ (१९७७) मध्ये स्मिता पाटील यांची चिंधी नवऱ्याला सोडून आपल्या मनाने नाग्याकडे येते. तो समाज ठाकरांचा, पण चित्र ओळखीचे आहे. शहरी प्रेक्षकांना त्यात रानातला मोकळेपणा दिसला. मला दिसली ती एवढीच साधी गोष्ट की चिंधीला कोणी ‘बाटलेली’ म्हणत नाही.

हे जग आता झपाट्याने बदलत आहे. सामुदायिक विवाहाच्या मांडवात पोर कडेवर घेतलेली नवरी दिसली की वर्तमानपत्रे त्याचा फोटो नवलाईने छापतात. मध्य प्रदेशात तर एप्रिल २०२३ मध्ये याहून वाईट घडले. दिंडोरी जिल्ह्यातील गाडासरई येथे मुख्यमंत्री कन्यादान योजनेच्या सामुदायिक विवाहात दोनशेहून अधिक वधूंची तपासणी झाली आणि ज्या काही जणी गरोदर निघाल्या त्यांची नावे यादीतून कापली गेली. तपासणी सिकलसेलसाठी होती, असे अधिकाऱ्यांनी सांगितले. त्यांतली एक तर ठरलेल्या नवऱ्याबरोबरच आधीपासून राहत होती. सिकलसेलची तपासणी आपल्या भागातही हवीच, त्यात वाद नाही. पण तिच्या आडून पोट तपासले, आणि तेही फक्त वधूचे. आपल्या राज्यातही सामुदायिक विवाहांसाठीच्या शासकीय मदतीचे नाव कन्यादान योजनाच आहे. आमच्या रीतीत मुलगी दान करीत नाहीत. उलट मुलाकडच्यांनी देज द्यायचे असते. मदत जरूर घ्यावी, पण तिच्याबरोबर ‘कन्या’ या शब्दाचा दुसऱ्यांनी लावलेला अर्थही घरात येतो, याची जाणीव ठेवावी.

तो अर्थ घरात आलेलाच आहे. आता आमच्या पाड्यावरही मोबाईल आहे आणि मालिका आहेत. मालिकेतल्या सुनेवर संशय आला की सासूबरोबर आमच्या ओटीवरच्या बायकाही हळहळतात. संशय खोटा निघावा म्हणून हळहळतात. संशय घेण्याचा सासूला अधिकार काय, असे कोणी म्हणत नाही. माझ्या मावशीच्या बोलण्यात हल्ली ‘घराण्याची इज्जत’ हे शब्द येऊ लागले आहेत. आमच्या बोलीत ‘घराणे’ हा शब्द मी लहानपणी ऐकलेला नव्हता.

दबावाचा हिशेब करायचा तर तो येथे करावा. मुलगी बारावीनंतर शिकणार म्हटले की पहिला प्रश्न फीचा नसतो, शेवटच्या बसचा असतो. अंधार पडल्यावर तलासरीच्या नाक्यावर उतरणाऱ्या मुलाला कोणी ‘आज उशीर झाला ?’ असे विचारीत नाही. मुलीच्या बाबतीत हाच प्रश्न तीन घरांतून येतो, आणि तिसऱ्या दिवशी त्याचे उत्तरही लोकच देतात. मग ‘नाव खराब होण्याआधी’ उजवून टाकायची घाई सुरू होते. अठरा पुरी झाली की नाही हेही कित्येक ठिकाणी पाहत नाहीत. ज्याला आपण शिक्षणातली गळती म्हणतो आणि तक्त्यात टक्केवारीने मांडतो, तिच्या आत हे किती असेल, हे तक्ता सांगत नाही.

गेल्या वर्षी आमच्या वर्गातल्या एका मुलीचा फोटो कोणीतरी मोबाईलवर फिरवला. फोटोत काय होते ? समुद्रकिनाऱ्यावर ती आणि वर्गातला एक मुलगा, दोघेही चप्पल हातात घेऊन उभे. एवढेच. आठवड्याच्या आत फोटो तिच्या भावाकडे पोहोचला. तिने परीक्षेचा अर्ज भरला होता, फी भरली होती, आसन क्रमांकही आला होता. वैशाखात तिचे लग्न झाले. तिला इतिहासात वर्गात सर्वांत जास्त गुण होते आणि आम्ही तिच्या वह्या उतरवून अभ्यास करीत होतो. तिची वही अजून माझ्याकडे आहे, परत कोठे पाठवावी हे मला कळत नाही.

तो मुलगा या वर्षी माझ्याच वर्गात आहे. पहिल्या वर्षाच्या परीक्षेला तो बसला, चांगला पासही झाला. कबड्डीच्या संघात आहे, शेवटच्या गाडीने घरी जातो. त्या फोटोबद्दल त्याला कोणी काही विचारल्याचे माझ्या ऐकिवात नाही.